पाण्यामुळे झाडे वाळतात

२ फेब्रुवारी १९८६, रविवार. सकाळी १०

औरंगाबादहून गाइडसाहेबांचं कार्ड आलं. पीएच.डी.ला शेवटची मुदतवाढ, ३० जून. त्यानंतर रजिस्ट्रेशन रद्द. नऊ वर्षं कमी पडली, पण हा दोष विषयाच्या उंचीचा आहे. विषय: 'बार्क बीटलचा उद्रेक आणि पाइनच्या जंगलांवरील परिणाम'. म्हणजे सालीखाली शिरून अख्खं जंगल वाळवणारा भुंगा. इंटरनॅशनल विषय. लातूर जिल्ह्यात पाइन नाही, ही किरकोळ अडचण. मी स्वतः पाइन अजून पाहिलेलं नाही, त्यामुळे माझी दृष्टी निःपक्षपाती राहिली आहे.

संकल्प: रोज पहाटे पाच. दोन पानं. चहा एकच. १४८ दिवस गुणिले दोन म्हणजे २९६ पानं. प्रबंध अडीचशेचा. शेवटचे तेवीस दिवस मोकळे राहतात. त्यात काय करावं, हा प्रश्नच आहे.

३ फेब्रुवारी, सोमवार

उठलो ७.२०. गजर शिवकन्येने बंद केला असावा. तिचं म्हणणं, तुम्हीच केला, वर मलाच म्हणालात की झोपू दे. माझ्याच बायकोची माझ्याविरुद्ध साक्ष. लिखाण नाही.

पण जंगल सापडलं! जिल्हा नवा झाल्यापासून गावात ऑफिसांची रीघ लागली आहे, त्यातलं एक आमच्या घराच्या मागेच आहे. (नाव लिहीत नाही. संशोधनात गुप्तता लागते.) आवारात चाळीस झाडं, पुरुषभर उंच, पानं सुईसारखी. लोक त्यांना सुरूची झाडं म्हणतात. लोक काहीही म्हणतात. सुईसारखं पान म्हणजे पाइन.

प्रत्येक बुंध्याशी पिवळी भुकटी. ती चिमटीत घेऊन पाहिली. बीटल! तिथला रोजंदारीवरचा माळी मलप्पा आडवा आला. म्हणाला, सर, ह्यो भुसा झाडाचा न्हाई, आधाराला वेळू बांधलाय त्याचा हाय, वेळूला भुंगा लागत असतो. त्याला शांतपणे सांगितलं की मी झूलॉजीचा आहे. मग झारी उचलून गेला.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

कॉलेजात बॉटनीवाले हसले. सुरू आणि पाइन यांचा काही संबंध नाही म्हणे. मत्सर. त्यांना स्वतःला पीएच.डी. नाही.

गाइडसाहेबांनी पाठवलेल्या लेखात स्पष्ट आहे: दुष्काळात अशक्त झालेलं झाड बीटलला आधी बळी पडतं. आपल्याकडे दुष्काळ आयता आहे. प्रयोग आखला. वीस झाडांना पाणी, वीस झाडांचं बंद. बंदवाल्यांच्या बुंध्याला चुन्याचा पट्टा. त्या ऑफिसचे साहेब अमृतराव यांनी लगेच परवानगी दिली. आठवड्याला एक टँकर येतो, त्यातही गढूळ पाणी, अर्धं वाचलं तर बरंच म्हणाले.

मलप्पाचा चेहरा मात्र उतरला. त्याची गोष्ट अशी की जुलैत त्याला कायम करायचं ठरलं आहे, पण अमृतरावांची अट आहे: झाडं जगली तर. चार वर्षं रोजंदारी, तीन लेकरं. म्हणाला, सर, प्यायला न्हाई दिलं तर मरतेत की. म्हटलं, मरतील, पण बीटलने मरतील, आणि ते मी सिद्ध करून देईन, तुझ्यावर बालंट येणार नाही. त्याने चुन्याचे पट्टे ओढले. अगदी बारीक ओढले. चुना महाग झाला आहे म्हणून असेल.

२३ फेब्रुवारी, रविवार

रोज मोजमाप घ्यायचं ठरलं होतं. घेतलं एकदा. टेप शिवकन्येच्या शिवणाच्या डब्यात होता आणि डब्यावर ती बसली होती.

पानं लिहिली: शून्य. पण मुखपृष्ठावरचं नाव तीन प्रकारे लिहून पाहिलं. 'डॉ. मल्लिकार्जुन' आडव्या अक्षरात जास्त शोभतं. १२७ दिवस.

९ मार्च, रविवार

घरात पाणीटंचाईचा कडेलोट. नळ आठव्या दिवशी. आंघोळीला अर्धी बादली, तीही मोरीत उभं राहून नाही, घमेल्यात बसून करायची, पाणी खाली जाऊ द्यायचं नाही, अशी शिवकन्येची आज्ञा. लिंगपूजेच्या तांब्याकडेसुद्धा ती डोळे लावून असते. कपड्याचं, भांड्याचं, तांदूळ धुतल्याचं सगळं पाणी मागच्या दारी घागरीत साठतं आणि रोज सकाळी मलप्पाची बायको गुरम्मा घेऊन जाते. कशाला, ते विचारलं नाही. बायकांच्या कारभारात मी पडत नाही. संशोधकाने पडूही नये.

३० मार्च, रविवार. दुपारी

घाईत लिहितोय. अक्षर बिघडलं आहे.

आज सात आठवड्यांनी जंगलात गेलो. पाणी दिलेली वीस झाडं शेंड्याकडून पिवळी. आणि पट्ट्याची, पाणी बंद केलेली वीस झाडं हिरवीगार! तीनदा मोजली. एकदा उलटीकडून मोजली. तेच.

आधी घाबरलो. प्रयोग फसला असं वाटलं, तिथेच चुन्याच्या पट्ट्याला टेकून बसलो. ९२ दिवस उरलेत आणि निकाल उलटा. मग घरी येऊन भाकरी खाल्ली आणि जेवताना उजेड पडला. निकाल उलटा नाही. जगच आजवर उलटं होतं. पाण्यामुळे साल मऊ होते, मऊ सालीत बीटल शिरतं. कोरडं झाड स्वतःच्या पायावर उभं राहतं. पाण्यामुळे झाडे वाळतात!

हे शिवकन्येला सांगितलं. ती भाकरी थापता थापता थांबली. तुमी खरंच त्या झाडाकडं बघून आलात का, असं विचारलं. तीनदा मोजून आलो, असं सांगितलं.

१४ एप्रिल, सोमवार

ऊन बेचाळीस. प्रबंधाची पानं सहा! सहाही प्रस्तावना आहेत, पण दणदणीत.

मलप्पा दोनदा घरी येऊन गेला. दारात उभा राहतो, पटका काढतो, घालतो. सर, एक बोलू का, म्हणतो. आज विचारलं काय ते. म्हणाला, झाडाचंच बोलायचं होतं, पर नोकरीची फिकीर वाटायलीय. म्हटलं, मग रिपोर्ट झाल्यावर बोल, तुझी झाडं हिरवी आहेत, तुझं काम झाल्यातच जमा आहे. आतून शिवकन्या त्याला म्हणाली, सांगून टाका भाऊ. तो म्हणाला, नको वैनी, इमानानं सांगतो, साहेबाला कळलं तर घालवतील. आणि गेला. काय सांगायचं होतं कोण जाणे. वेतनश्रेणी असावी.

२१ एप्रिल, सोमवार

रिपोर्ट दिला! अकरा पानं, टाइप केलेली. शिफारस एकच: चाळीसही झाडांचं पाणी ताबडतोब बंद. अमृतराव उठून उभे राहिले. टँकर वाचला, वर शास्त्रीय आधार मिळाला, सर, नव्या जिल्ह्याला असंच डोकं पाहिजे, असं म्हणाले. डोळ्यांत पाणी आलं. (माझ्या.)

घरी शिवकन्येला सांगितलं. तिच्या हातून उलथणं पडलं. सगळ्याच झाडाचं, असं दोनदा विचारलं. अहो, मी एक सांगते ऐका, म्हणून सुरू झाली. मी हात वर केला. सहाची गाडी होती औरंगाबादची, गाइडसाहेबांना गाठायचं होतं. आल्यावर ऐकतो म्हटलं. ती गाडीपर्यंत मागे आली होती, पण गर्दी फार.

३ मे, शनिवार

बारा दिवसांनी परत. गाइडसाहेब परगावी होते, अकरा दिवस वाट पाहिली.

इकडे ऑर्डर निघाली. टँकर बंद. फाटकाला कुलूप, ऑफिसच्या वेळेबाहेर कुणी आत जायचं नाही. आणि पाणीच द्यायचं नाही तर माळी कशाला, म्हणून १ मेपासून मलप्पा कमी. ऑर्डरवर संदर्भ म्हणून माझा रिपोर्ट आहे, पान नऊ. दुःखद आहे, पण ही प्रशासकीय बाब झाली. संशोधक पान नऊ लिहितो, त्याचं पुढे काय होतं ते त्याच्या हातात नसतं.

मलप्पा काल येऊन गेला म्हणे. ओट्यावर तासभर बसला. लेकरं घेऊन गावाकडे, शिरूर अनंतपाळला गेला. शिवकन्या माझ्याशी बोलत नाही. उकाड्याने असेल.

१२ मे, सोमवार

फाटकातून पाहिलं. चाळीसही पिवळी. पट्ट्याचीसुद्धा. ही सुप्तावस्था असावी. अशी एक अवस्था असते.

रात्री झोप नाही. पानं नाहीत. दिवस मोजले नाहीत.

१९ मे, सोमवार

आज शिवकन्या बोलली. उभ्याउभ्या, एका दमात, मला मधे तोंड उघडू न देता.

पट्ट्याच्या झाडांना पाणी जात होतं. फेब्रुवारीपासून रोज. मलप्पाला बघवेना. लेकरावानी लावल्याली झाडं, सर म्हणतेत म्हणून कशी मारू, असं म्हणून तो हिच्याकडे आला होता. ही घरातलं धुण्याभांड्याचं पाणी साठवत होती, गुरम्मा डोक्यावरून नेत होती, उजाडायच्या आत तो तांब्या तांब्या घालत होता. सरकारी वीस झाडांना आठवड्यातून एकदा टँकरचा गढूळ घोट. माझ्या वीस झाडांना रोज पाणी. माझ्या आंघोळीचंसुद्धा.

म्हणजे माझं झाड माझ्याच घमेल्यातून जगत होतं आणि मी त्याच्यावर अकरा पानं लिहिली.

मी म्हणालो, आधी का नाही सांगितलंस. ती म्हणाली, तीनदा सांगायला आले. तुमी तिन्ही बारी हात वर केला. मोजून दाखवलं तिने. दोनदाच आठवतंय, पण ती म्हणते तर तीनदा असेल.

मलप्पाची नोकरी मी घालवली. हे वाक्य लिहिताना पेन दोनदा थांबलं. प्रशासकीय बाब वगैरे काही नाही. मी घालवली.

२० मे, मंगळवार

पहाटे पाचला उठलो. गजर न लावता. आठ पानं लिहिली, सलग. या वर्षातली पहिली खरी पानं. बीटल नाही, भुकटी वेळूची, झाड पाइन नाही, ती झाडं पाण्याने जगली होती, पाणी मलप्पाने घातलं, त्याला कामावर परत घ्या, झाडं अजून वाचतील. खाली सही. 'डॉ.' नाही.

अकरा वाजता अमृतरावांच्या टेबलावर. त्यांनी पहिली ओळ वाचली आणि कागद सरळ करून माझ्याकडे परत दिले. सर, उशीर झाला म्हणाले. पहिला रिपोर्ट वर गेला, वरच्यांना लई आवडला. आता तो चुकला म्हणून कोण लिहिणार, मी का तुम्ही. मी म्हणालो, मी. ते म्हणाले, तुमचं नाव छापून गेलंय, जरा ऐका, चहा घ्या.

चहा घेतला. घ्यायला नको होता.

मग त्यांनी आनंदाची बातमी सांगितली. रिपोर्टची प्रत नांदेडला गेली. तिथेही तीन आवारांचं पाणी बंद झालं, दोन माळी कमी झाले. २ जूनला तिथे माझं व्याख्यान आहे. शाल, श्रीफळ आणि येण्याजाण्याचं भाडं.

शिवकन्येला सांगितलं. ती म्हणाली, जावा. तिथं उभं राहून खरं काय ते सांगा. एवढं तरी करा. करतो म्हणालो. आणि या वेळी खरंच करणार आहे. व्याख्यानाचा कागद तयार आहे, पहिलं वाक्य: माझा रिपोर्ट चुकीचा आहे. तेच पाठ करतोय.

२ जून, सोमवार. नांदेडच्या गाडीत

अक्षर हलतंय, गाडीमुळे.

सकाळी लातूर स्टँडवर मलप्पा भेटला. बोचकं, गुरम्मा, तीन लेकरं. हैदराबादच्या गाडीची वाट बघत होता, तिकडे बांधकामावर काम मिळतंय म्हणे. मला बघून उठला, पटका सारखा केला. मला वाटलं बोलेल, शिव्या देईल. द्याव्यात असंही वाटलं. वाक्य तोंडपाठ होतं, तेच त्याला सांगून टाकावं म्हणून पुढे झालो.

त्याने आधी विचारलं. नोकरीचं नाही, पैशाचं नाही. सर, झाडं कशी हायेत, म्हणाला. चुन्याची तरी तगली का.

गुरम्माही बघत होती. धाकटं लेकरू तिच्या कडेवर झोपलेलं.

मी म्हणालो, हाव, हिरवी हायेत.

त्याचा चेहरा असा खुलला की मला तिथून पळून जावंसं वाटलं. गुरम्माकडे वळून तो म्हणाला, बघ, म्या म्हणत होतो का न्हाई. मग माझ्या हातातली बॅग घेतली, गाडीत चढून खिडकीजवळची जागा धरून दिली, आणि गाडी सुटेपर्यंत खाली उभा राहिला.

नांदेडला दोनशे माणसांपुढे खरं सांगायला निघालो आहे. पहिल्याच माणसाला सांगता आलं नाही.