पेटीबाहेर राहिलेली चावी

मी, कुमार वसंत उपळेकर, वय ४९, एका पाक्षिकात लोकांना टोचून लिहिणारा आणि ‘गंज’ या रॉक बँडचा बास गिटारवादक, राहणार करंजाडे, पनवेल, जि. रायगड, सर्वप्रथम नोंदवून ठेवतो की व्हिसाच्या फोटोत दोन्ही कान दिसत नाहीत म्हणून फोटोवाल्याने मला तीन हेलपाटे घालायला लावले. माझा डावा कान तरुणपणी आमच्या बँडमधल्या रंजिताच्या ड्रमशेजारी उभा राहून कामातून गेला आहे. ज्याला ऐकू येत नाही तो दिसलाच पाहिजे, हा आग्रह मला समजलेला नाही. एवढा अन्याय सोडल्यास माझी बुद्धी शाबूत आहे. तसा डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. दोनदा रक्तदाब मोजून ते म्हणाले, “आजार नाही, भीती आहे.” दाखल्यात त्यांनी अर्धंच लिहिलं.

भीती अशी की येत्या १९ जूनला आम्ही एस्टोनियाला वाजवायला निघतो आहोत. माझी मुलगी ऋचा हिने आमचं जुनं रेकॉर्डिंग नेटवर टाकलं, आणि तिकडच्या एका महोत्सवाने बोलावलं: दुपारी दोन वाजता, लहान मंच, अर्धा तास. मी आजवर विमानात बसलेलो नाही. म्हणून कोणाच्याही दडपणाखाली न येता, पण घाम पुसत, हे मृत्युपत्र लिहितो.

१. करंजाड्याचा फ्लॅट आणि बँकेतली शिल्लक पत्नी अरुंधती हिला. गेल्या आठवड्यात मी तिसऱ्यांदा विमानांच्या अपघातांची माहिती वाचत असताना ती म्हणाली, “अहो, इतकं मरायचंच आहे तर गॅसचा नंबर तरी लावून जा.” लावला आहे.

२. बास गिटार ऋचाला. भिंतीवर टांगू नये.

३. माझा मोठा अॅम्प्लिफायर खालच्या मजल्यावरचे श्री. उदयसिंह यांना. आमच्या सरावाविरुद्ध त्यांनी सोसायटीला अकरा पत्रं लिहिली. अकरावं फारच सुरेख होतं. आता शांतता त्यांना खाऊ नये, एवढीच इच्छा.

४. मी मंचावरच गेलो, तर कार्यक्रम पूर्ण करावा. बास थांबलेला तसाही लोकांना कळत नाही.

५. साक्षीदाराला वाटा देता येत नाही, असं कळतं. त्यामुळे किराणावाले हाफिजभाई यांना काही देत नाही. त्यांनी याबद्दल समाधान व्यक्त केलं.

६. हे कलम आमचा गायक मोहसीन आणि रंजिता यांच्यासाठी. माझ्या पश्चात वाचावं.

२००५ साली पोलंडच्या महोत्सवाचं आमंत्रण आलं होतं. सामान जहाजाने जाणार होतं. जासईच्या एका कंटेनर यार्डात मोहसीनचा मावसभाऊ होता, त्याने आमच्या लाकडी पेटीला जागा मिळवली. माझं अक्षर चांगलं, म्हणून पॅकिंग लिस्ट मी लिहिली. मालाचे वर्णन या रकान्यात मी लिहिलं, ‘अंत्यविधीचे साहित्य, वापरलेले.’ कस्टमवाल्यांनी पेटी उघडली, आत गिटारी निघाल्या, चौकशी लागली. जहाज गेलं, पेटी राहिली. भाड्याने वाद्यं घेण्याची आमची ऐपत नव्हती.

सगळे म्हणाले, कुमारचा विनोद नडला. मोहसीन म्हणाला, “एक दिवस तुझी ही जबानच तुला खाणार, यार.” मग तो कुवेतला गोदामात नोकरीला गेला. अकरा वर्षं गायला नाही.

तो विनोद नव्हता. कंटेनरच्या चार-चार मजली थप्प्यांमध्ये उभा असताना मला परत फिरावंसं वाटलं होतं. पनवेलमध्ये आम्हाला टाळ्या मिळत, कारण समोर आमच्या वडिलांना ओळखणारे लोक असत. पोलंडमध्ये ओळखीचं कोणी नसणार. म्हणजे टाळी पडली तर खरी, आणि न पडली तर तीही खरी. ही भीती कबूल करण्यापेक्षा मूर्ख ठरणं सोपं वाटलं.

पुरावा हवा असेल तर तो माझ्या टेबलाच्या खणात आहे. पेटी बंद करताना रंजिताने ड्रम आवळायची चावी माझ्याकडे दिली होती. पितळी. तिच्या वडिलांनी तळोज्याच्या कारखान्यात लेथवर स्वतः घडवलेली. मी ती पेटीत टाकलीच नाही, खिशात घातली. पेटी जाणार नाही हे मला माहीत होतं आणि ती हरवायला नको होती. यार्डातून पेटी परत आल्यावर तिने विचारलं, “माझी चावी?” मी म्हणालो, “कस्टमवाल्यांनी उडवली असेल.” तिचे वडील २००९ला गेले. तिने बाजारातली चावी घेतली. अजून अधूनमधून विचारते. मी अजून तेच सांगतो.

विमानाला मी भितो हे खरं आहे. पण त्याहून जास्त भितो ते या कलमाला.

यापूर्वी मी मृत्युपत्र केलेलं नाही. वरील मजकूर माझा, अक्षर माझं, सही माझी. ती थरथरली आहे, खोटी नाही.

साक्षीदार: १) हाफिज मुकादम २) हेतल शहा
सही: कुमार वसंत उपळेकर
स्थळ: पनवेल. दिनांक: ११ जून २०२६

पुस्ती, १२ जून. ही कायद्याने ग्राह्य नसेल, चालेल.

शेजारची हेतल काल सही करून म्हणाली, “काका, साक्षीदाराने वाचायचं नसतं, पण मी वाचलं. हे मेल्यावर सांगणार? मग तुम्हाला शिव्या कोण घालणार?”

आज सरावाला गेलो. मोहसीन सामानाची लिस्ट करत होता. मला बघताच त्याने कागद पालथा केला. “या वेळी लिस्टला हात लावशील तर याद राख.” मी सहावं कलम उभ्याने वाचून दाखवलं. कोणी हसलं नाही. मी हसवायचा प्रयत्नही केला नाही.

चावी रंजिताच्या हातावर ठेवली. तिने ती पदराने पुसली आणि स्नेअर ड्रमचा एक स्क्रू अर्धा फेरा आवळला.

मग मोहसीनने कागद सरळ केला आणि पेन माझ्याकडे सरकवलं.

“खरं तेच लिही,” तो म्हणाला.

मी लिहिलं: ड्रमची चावी, पितळी, वापरलेली. नग एक.