गाळलेलं प्रकरण

१४ ऑक्टोबर

प्रिय दादास,
सप्रेम सलाम.

फोन तू उचलत नाहीस, म्हणून पत्र. पत्ता काकूंनी दिला, सेमिनरीत हिब्रू शिकवणाऱ्या आपल्या काकांच्या पत्नीनं. त्यांच्याशी तुझा पत्रव्यवहार आहे हे मला आत्ता कळलं. राग नाही आला. खरं तर थोडा आला.

मी बरी आहे. सेमिनरीत अजून शिकवते. विद्यार्थी इतके थोडे उरलेत की हजेरी घ्यावी लागत नाही, नुसती नजर फिरवली की झालं. ग्रंथालयाच्या छताला ओल आली, म्हणून पुस्तकं जेवणघरात हलवलीत. त्यामुळे आमच्या थोर भाष्यकारांना हल्ली तळणीचा वास येतो.

संस्थेला यंदा शंभर वर्षं झाली. इतिहास लिहायचं काम अध्यक्षांनी माझ्या गळ्यात मारलं. तबेल्यात भरलेला पहिला वर्ग, आगीत गेलेलं चॅपल, ते विद्यार्थ्यांनी स्वतः पुन्हा कसं बांधलं, हे सगळं भराभर लिहून झालं. मग तुमचं वर्ष आलं आणि हात अडखळला. शेवटी एकच ओळ लिहिली: ‘त्या वर्षी काही अध्यापक व विद्यार्थी संस्था सोडून गेले.’ अध्यक्ष खूश.

पप्पांना दिसत नव्हतं. चहाच्या वेळी मी त्यांना लिहिलेलं वाचून दाखवायची. ती ओळ ऐकल्यावर त्यांनी कप खाली ठेवला.

“सोडून गेले? आपणहून?”

“मग काय लिहू, पप्पा?”

“मी काढलं म्हणून लिही. बायबलातल्या योनाला माशानं गिळलं ही घडलेली गोष्ट नाही, दृष्टान्त आहे, असं तुमचा हिब्रूचा काका वर्गात म्हणाला म्हणून मी त्याला काढलं. मीही तेच मानत होतो. पण बोर्डापुढे तोंड उघडलं असतं तर प्राचार्यपद गेलं असतं. आपलं पोरगं मला भित्रा म्हणून दार आपटून गेलं. ते बरोबर बोललं.”

दादा, शब्द त्यांचे आहेत. मी पदरचा एकही घातलेला नाही.

मी तसंच लिहिलं. अध्यक्षांनी ते पान छपाईआधी काढून टाकलं. “मॅडम, गावोगावच्या चर्चच्या मंडळ्या आधीच मुलं पाठवेनाशा झाल्यात. त्यात हे कशाला उकरता?” त्यांचंही अगदीच चूक नव्हतं. मी गप्प बसले. पप्पा बसले नाहीत.

शतकपूर्तीच्या उपासनेत त्यांना आशीर्वाद द्यायला उभं केलं होतं. व्यासपीठाची कड धरून त्यांनी आशीर्वादाऐवजी काकांचं नाव घेतलं. अध्यक्षांनी ऑर्गनवाल्याला खूण केली. ऑर्गन वाजला तशी मंडळी सवयीनं उठून गाऊ लागली. पप्पा बोलतच होते. ओठ हलताना दिसत होते, ऐकू काही येत नव्हतं. वाटलं, जाऊन हाताला धरून खाली आणावं.

तेवढ्यात पहिल्या बाकावरून काकू उठल्या आणि काठी टेकत थेट व्यासपीठाशी गेल्या. ऑर्गनवाला बिचकून थांबला. गाणं मध्येच विरलं.

“मोठ्यानं बोला,” काकू म्हणाल्या. “इतकी वर्षं थांबलेय. आता नीट ऐकू द्या.”

पप्पांनी पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. सगळं. तुझंसुद्धा. माफ केलं, असं काही काकू म्हणाल्या नाहीत. “बरं,” एवढंच म्हणाल्या, आणि पायरी उतरायला त्यांना हात दिला.

बाहेर आमच्याशी कुणी बोललं नाही. पप्पा मात्र घरी येऊन पोटभर जेवले.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते लिहिते. त्याच आठवड्यात पप्पा गेले. झोपेतच. फोन लावत होते तो यासाठी. सेमिनरीच्या आवारात जागा द्यायला अध्यक्षांनी आढेवेढे घेतले, म्हणून गावाच्या दफनभूमीत ठेवलं, आईशेजारी. माणसं मोजकीच होती. काकू आल्या होत्या.

तुझ्यासाठी त्यांनी काही निरोप ठेवला नाही. मी खूप आठवून पाहिलं. खोटा रचून सांगितला तर तुला बरं वाटेल, पण या घरात आता ते चालायचं नाही. एवढं मात्र खरं, की तुझ्याबद्दल बोलताना त्यांचा आवाज कापला नाही.

ये असं म्हणत नाही. पप्पांच्या नावावरचं हे संस्थेचं क्वार्टर महिनाअखेर रिकामं करायचंय, आणि त्यांची पुस्तकं माझ्याच्यानं एकटीनं बांधवत नाहीत.

तुम्हा दोघांच्या मध्ये आजवर उभी राहिलेली,
तुझी धाकटी