मागच्या खोलीचं कुलूप

१२ जानेवारी १९९९, केडगाव

आज पुन्हा बाहेरून कुलूप! "कुलूप दिसलं की गोदाम वाटतंय," म्हणे. असं बोलणारे आमचे यजमान, व्हिडिओ लायब्ररीचे मालक गहिनीनाथशेठ. पुढे दुकान, मागे मी. लग्नाआधी नगरला कॉम्प्युटरचा कोर्स केला, त्याचं हे चीज झालं.

काम काय, तर मागच्या महिन्यात मुंबईहून पोतंभर ब्लू फिल्मच्या कॅसेटी आल्यात — इटालियन, जर्मन, सगळ्या जुनाट. टेपला पांढरी बुरशी. ती स्पिरिटने पुसायची, चित्र कॉम्प्युटरवर घ्यायचं, रेघा काढायच्या, सीडी करायची. "पुन्याचा मित्र इंटरनेटवर बी टाकनार हाय. जगभर जाईल!"

जगभर. मी मात्र मोरीपर्यंत.

१५ जानेवारी

लाज पहिल्या आठवड्यातच गेली. आता नुसता कंटाळा. एक बाई समुद्रावर पळत जाते, केस मोकळे. तिच्या तोंडावरची रेघ काढण्यात दुपार गेली. मेली हसते किती!

२१ जानेवारी

दीपा आली होती, कोर्सची मैत्रीण. दारातून आवाज ऐकला. "भाऊजी, सुप्याच्या कारखान्यात कॉम्प्युटरवर बाई हवीय. विजयाला सांगा ना."

"ती जामखेडला गेलीय, आईकडं."

आणि मी भिंतीपलीकडे बसलेली! हाक मारली असती, तर पडद्यावर जे चालू होतं ते तिने पाहिलं असतं.

संध्याकाळी भांडले. "तुझ्यावानी काम दुसरं कोन करील?" झालं कौतुक. माहेरी निघून जावं, तर भाऊ दुसऱ्या दिवशी आणून सोडतो. मागे सोडलंच की.

२ फेब्रुवारी

प्रत्येक सीडीच्या सुरुवातीला कुणाच्या तरी लग्नाचं शूटिंग जोडायचं, ही ह्यांची युक्ती. पोलिसांनी लावली तर हळद, जेवणावळी, आहेर — कंटाळून बंद करतात. लग्न मी निवडते. हे कधी बघत नाहीत.

आज आमचंच लावलं. हे घोड्यावर, फेटा बांधून मारुतीच्या देवळाला निघालेत. पुढे भाऊबंद नाचतायत. त्या मिरवणुकीत नवरी नसते. ती तेव्हा घरात असते.

एकही सीडी सोडली नाही.

९ फेब्रुवारी

सगळ्या गेल्या. जामखेड, पारनेर, शेवगाव. फार भीती वाटते.

१६ फेब्रुवारी

दुकानात पोलीस आले. मी आत, कुलूप बाहेर.

"सीडीत घोड्यावर बसलेला तूच ना रे?"

ह्यांचा आवाज चिरकला. मग पावलं मागच्या दारापाशी आली.

"हे गोदाम हाय साहेब. आत कोन न्हाई."

गप्प बसले तर ते माघारी जाणार. वाजवलं तर मीही सापडणार — सगळं काम माझ्याच हातचं.

दोन्ही हातांनी दार वाजवलं.