समासातली चाळीस मिनिटं

प्रिय ताई,

त्याचा दुरुस्तीचा अर्ज आज कोर्टाने मंजूर केला. वकीलबाईंचा कारकून स्वतः फाइल बघून आला, तेव्हा खात्री पटली. घटस्फोटाच्या मूळ अर्जात एक नवा परिच्छेद बसला आहे, आणि त्याच्या जोरावर बुटकीचा ताबा त्याला हवा आहे. अशी दुरुस्ती इथे जुन्या कागदाच्या समासातच लाल शाईने लिहितात. कारकुनाने मोबाइलवर फोटो दाखवला आणि वर म्हणाला, अक्षर मात्र छान आहे हो ताई. मी हसले, वाचलं, आणि होते तिथेच पायरीवर बसले.

'चार महिन्यांच्या मुलीला पाळण्यात एकटं सोडून, बाहेरून कुलूप लावून प्रतिवादी बसने निघून गेली, दुसऱ्या थांब्यावर उतरली व चाळीस मिनिटांनी परतली.'

ती दुपार आठवते? तू बॅग घेऊन आलीस ती महिनाभर राहिलीस. मला डॉक्टरांकडे नेलंस, गोळ्या मोजून दिल्यास, बुटकीला अंघोळ घालताना बेसूर गायलीस. ती अजून तसंच गाते, शाळेत बाई कानावर हात ठेवतात. दुधाचा दात पडलाय तिचा, तो मावशीलाच दाखवायचा म्हणून डबीत ठेवलाय.

वकीलबाई म्हणाल्या, सरळ नाकारा. तो तेव्हा परगावी होता, शेजारी कुणी पाहिलं नाही, सिद्ध करता करता नाकी नऊ येतील त्याच्या. मी विचारलं, मग त्याला हे कळलं कसं? त्यांनी साक्षीदारांची नवी यादी पुढे सरकवली. एकच नाव होतं. मी ते तीनदा वाचलं, जणू चौथ्यांदा दुसऱ्या कुणाचं निघेल.

तसं ते आधीच कळायला हवं होतं. ताई, मी दुसऱ्या थांब्यावर उतरलेच नव्हते. शेवटच्या थांब्यापर्यंत गेले आणि त्याच बसने परत आले. एक तास वीस मिनिटं. तू फोनवर रडायला लागलीस म्हणून मी कमी करून सांगितलं. चाळीस मिनिटं हा आकडा मी जगात फक्त तुला दिला होता.

तू माझ्या वाईटावर असशील असं मला वाटत नाही. तो आला असेल, तुझ्या गुडघ्याची चौकशी केली असेल, मुलीची काळजी वाटते म्हणाला असेल. गोड बोलण्यात त्याचा हात कोण धरणार? मीही फसलेच की.

मी नाकारणार नाहीये. नाकारलं तर भर कोर्टात तुला खोटं पाडावं लागेल. माझ्या जबाबातही दुरुस्ती होईल: एक तास वीस मिनिटं, शेवटचा थांबा, त्यानंतरचे डॉक्टर. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला, पण मजकूर तयार करतायत. येत्या मंगळवारी तो दाखल होईल, आणि त्यानंतरच्या तारखेला तुझी साक्ष. त्याच्या बाजूनेच ये, माझी हरकत नाही. फक्त त्या दुपारवर थांबू नकोस. पुढचा महिनाभर तू काय पाहिलंस, तेही सांग. ते तुझ्याशिवाय कुणालाच माहीत नाही.

त्या दिवशी न्यायाधीशांनी बुटकीलाही कोर्टात आणायला सांगितलंय. डबी घेऊन येईल ती.

तुझीच,
धाकटी