मोटारीवरची कोंबडी

शुक्रवार, संध्याकाळ. नाशिक रोड.

आजही ती कोंबडी मोटारीवरच बसलेली. पेठकडच्या ज्या गावात आम्ही टँकर नेतो, तिथली पाण्याची मोटार पुरात बुडून जळाली. तेव्हापासून आंब्याखाली पडून आहे. सरकारनं ग्रामपंचायतीला पूरमदत दिली, पण फक्त टँकरपुरती. दुरुस्तीचा पैसा वेगळा, तो कधी येणार कुणालाच ठाऊक नाही.

मालेगावात मी जळक्या मोटारींत नवी तार भरायचं काम केलंय, हे सरपंचबाईंसमोर बोलून गेलो. गरज काय होती?

"मंग कर की नीट," त्या म्हणाल्या. "तांब्याची तार मी माझ्या पदरची आणते. मदतीतून आणली तर साहेब मलाच धरतील."

"ताई, मोटार चालू झाली की आमचा टँकर बंद."

"मंग बायांनी रोज तुमचीच वाट बघायची व्हय?"

कोंबडी ढिम्म हलली नाही. अंडी घातली असतील का तिथं?

येताना ड्रायव्हर शंकरदादा घाटभर नुसता हॉर्न वाजवत होता. खाली आल्यावर म्हणाला, "तुझं काय, आज इथं, उद्या तिथं. माझी पोरं शाळेत आहेत."

खरंय. मला एकलहऱ्याचा दोस्त कधीपासून कामाला बोलावतोय. दादा कुठं जाईल?

तरी मघाशी सरपंचबाईंना फोन केला, रविवारी मोटार भरायला येतो म्हणून. त्या हसल्या, "ये, कोंबडीला उठवून ठेवते."

दादाला अजून सांगितलेलं नाही. फोन समोर पडलाय आणि मी इथं कोंबडीबद्दल लिहीत बसलोय.