अमेरिकन नसलेला क्वार्टरबॅक

आई, तू गेलीस तेव्हा मी दहावीच्या वयाचा होतो आणि माझं पुढे काय होणार याची तुला काळजी होती, म्हणून आधी तेच सांगतो. मी अमेरिकन फुटबॉल खेळतो. तू सोफ्यावर पाय वर घेऊन बघायचीस ते रग्बी नव्हे. यात हेल्मेट घालतात, खांद्यांवर प्लास्टिकच्या ढाली बांधतात, आणि खेळ सारखा थांबतो. थांबला की एक जण बाकीच्यांना सांगतो आता काय करायचं. मग चेंडू त्याच्या हातात येतो, तो कुणाला तरी फेकतो, आणि तोवर समोरचे सगळे त्याला आडवं करायला धावत असतात. तो माणूस क्वार्टरबॅक. तो मी. मोठा वगैरे नाही. ज्याचं नाव जर्सीवर छापायच्या भानगडीत क्लब पडत नाही, कारण पुढच्या वर्षी तो तिथे नसतो, तसला.

फेकण्यावरून आठवलं. इथलं, क्राइस्टचर्चचं, रिकार्टनच्या फ्लॅटमधलं ते अरुंद स्वयंपाकघर. तू शेगडीपाशी उभी आहेस, पाठमोरी, बटाटा दे म्हणतेस, आणि मी दारातूनच फेकतो. तो तुझ्या खांद्याला लागून सिंकमध्ये. तू मागे वळलीस, ओरडली नाहीस. "अन्न फेकायचं नसतं," म्हणालीस. मग बटाटा धुता धुता, "आणि फेकलंसच, तर समोरच्याच्या हातात पडायला हवं." पुढे मला बरेच कोच मिळाले. त्यांनी हेच शिकवलं, फक्त फळ्यावर बाण काढून आणि खूप वेळ घेऊन.

पॉलिटेक्निक मी अर्ध्यात सोडलं. ऑकलंडला गेलो, माउंट वेलिंग्टनच्या मॉलमध्ये बूट विकले, संध्याकाळी तिथल्या क्लबात खेळलो. मग ॲडलेड, पोलंड, ऑस्ट्रिया, फिनलंड, परत पोलंड. ताई हे बोटांवर मोजते आणि एक हात पुरत नाही म्हणते. क्लब एक खोली देतो, जुनी सायकल देतो, दुपारचं जेवण देतो, बदल्यात त्यांच्या पोरांना शिकवायचं. ऑस्ट्रियात माझी खोली एका बेकरीच्या वर होती, तिथला म्हातारा मला रोज कालचा पाव द्यायचा. पण ते जाऊ दे. अवघड असतं ते वेगळंच. प्रत्येक संघात चाली त्याच, नावं निराळी, आणि ती आल्या आल्या पाठ करावी लागतात. तू इथल्या हॉस्पिटलात नर्स म्हणून लागलीस तेव्हा औषधं तीच होती, नावं इथली होती, आणि तू भाजी चिरताना ती पुटपुटायचीस. मी मोज्यांच्या जोड्या लावताना पुटपुटतो.

मला तिकडे का बोलावतात, हे तुला सांगायलाच हवं. आपण इथले नागरिक झालो तो दिवस आठवतो. काउन्सिलचा हॉल, तू ड्युटीवरून थेट आलेली, अंगावर पैठणी आणि पायात वॉर्डातले पांढरे बूट. सगळ्यांना एकेक रोप मिळालं. आपल्याला कोव्हाईचं, त्या इथल्या पिवळ्या फुलांच्या झाडाचं, आणि फ्लॅटला माती नाही म्हणून ते बादलीत लावलं. नंतर भारताचा पासपोर्ट परत करायचा होता. सांगलीच्या मावशीला फोनवर म्हणालीस, मुलांना दारं उघडी राहतील. मला वाटतं तुझ्या मनात डॉक्टरकीचं दार असणार. तर झालं असं, की युरोपातल्या लीगांत मैदानावर एका वेळी मोजकेच अमेरिकन चालतात. बहुतेक क्लब त्यातली एक जागा क्वार्टरबॅकवर घालवतात. मी उभा राहिलो की ती जागा वाचते आणि तिथे ते टेक्ससचा एखादा धिप्पाड गडी आणतात. शिवाय इथल्या पासपोर्टवर तिकडचा व्हिसा पटकन मिळतो. पोलंडच्या कोचनं पहिल्याच दिवशी सांगितलं, "तुझा हात ठीक आहे. पासपोर्ट उत्तम आहे." ते दार तू उघडलंस.

गेले काही महिने मी क्राइस्टचर्चलाच आहे, ताईच्या मागच्या खोलीत, आणि इथल्या क्लबातून खेळतो. चेंडू मागे द्यायची हाक क्वार्टरबॅकनं द्यायची असते. इंग्रजी आकडे समोरच्यांनाही कळतात, म्हणून मी आपल्या पोरांना मराठी शिकवलं. रिकार्टन रोड ओलांडताना माझा हात धरून तू म्हणायचीस तेच. थांब, थांब, चल. सामोअन, टोंगन, सगळे "चल" म्हटलं की उसळतात. एका शनिवारी ताई भाचीला घेऊन मॅच बघायला आली. मी थांब म्हणालो, आणि मैदानाच्या कडेवरून ताईचा तुझ्यासारखाच खणखणीत आवाज आला, चल गं, चल लवकर. चेंडू हलायच्या आधीच आमची अख्खी फळी पुढे. पंचानं पिवळा रुमाल टाकला, चूक म्हणून पाच यार्ड मागे. कोच मला म्हणाला, तुझ्या बहिणीला एक तर संघात घे नाही तर घरी ठेव. मी ताईला तसंच सांगितलं.

"पोरीला शू लागली होती," ताई म्हणाली. "तुझे रेडे का धावले?"

भाची म्हणाली, "ममा, यू वर सो लाउड." मराठी तिला सगळं कळतं, मराठीत उत्तर कधीच देत नाही.

आता मुद्द्यावर येतो. फिनलंडच्या क्लबाचा मेल आला, एप्रिलमध्ये ये, पहिला क्वार्टरबॅक तूच. फेकायचा खांदा आता दुखतो, त्याचं म्हणशील तर ताईच्या ओळखीची नाशिकची एक फिजिओ आहे, ती म्हणते, अजून एक सीझन निघेल, दुसऱ्याचं विचारू नकोस. म्हणजे खांद्यात उरलेलं सगळं तिकडेच घालवायचं की नाही, एवढाच प्रश्न. ताईनं मला जाऊ नको म्हटलं नाही. ती म्हणाली, "तू गेलास की मी रोज कुठल्या गावाचं हवामान बघायचं, तेवढं सांग." आणि तुझ्याच हॉस्पिटलात बेड ढकलायची एक नोकरी निघाली आहे, तिचा फॉर्म तिनं माझ्या उशाशी ठेवला. या धंद्यात उत्तर त्याच दिवशी द्यायचं असतं, रांगेत बाकीचेही असतात. पोलंडला मी बुटांच्या गोडाऊनमधून हो म्हणालो होतो, ऑस्ट्रियाला चालत्या बसमधून. या वेळी मी मेल तसाच ठेवला आणि बूट घासले. भाचीला न्यू ब्रायटनच्या समुद्रावर नेलं, डेअरीतून आइस्क्रीम घेऊन दिलं, तिच्या एका जॅन्डल-चपलेचा पट्टा तुटला तर येताना तिला खांद्यावर घेतलं, दुखऱ्या नव्हे, दुसऱ्या. आठवडा गेला. मग क्लबानं कळवलं, डेन्मार्कचा एक पोरगा हो म्हणाला आहे, तुला शुभेच्छा. तोही अमेरिकन नाही.

त्या संध्याकाळी मी ताईला सांगितलं, मी त्यांना नाही म्हणालो. ती कणीक मळत होती. तिनं गोळा झाकून ठेवला. मग म्हणाली, "मागची खोली रंगवून घेऊ. गोडाऊन वाटते ती."

हे मी तिला दाखवणार नाही, तेव्हा खरं तुलाच सांगतो. मी नाही म्हणालोच नाही. त्यांनीच दुसरा घेतला. पण तो अख्खा आठवडा फोन माझ्या खिशात होता, आई, आणि चार्जही होता.