चौकटीवरची तारीख

निडी, कार्तिक वद्य पंचमी, संध्याकाळ

महादूदादाला जाऊन आज शहाऐंशी दिवस झाले. बांधाच्या दाव्यात रोह्याला तो जिंकला, म्हणून अपील मी केले. आम्ही चुलतभाऊ. तारखेला एकाच एसटीने जायचो. वडखळला गाडी बदलताना तो म्हणायचा, "हरला त्यानं शेंगदाणे घ्यायचे, व्हय ना?" मीच घ्यायचो.

सुतक मीही पाळले. नंतरही कोर्टाचा कागद हाती धरवेना. परवा पेणला गेलो तर वकील चिडले. "नव्वद दिवसांत त्याच्या वारसांची नावे लावायला हवीत. नाहीतर अपील संपले, जमीन त्यांचीच."

म्हणून आज वहिनींकडे गेलो. दाराच्या चौकटीवर दादाने कोळशाने लिहिलेली पुढची तारीख तशीच आहे.

"नावं कशाला वो, भाऊजी?"

"कोर्टात लागतात."

खोटे नव्हते. पण ही नावे लागली नाहीत तर तुम्ही जिंकता, हे मी सांगितले नाही. त्यांनी सासरी गेलेल्या लेकींचीही नावे सांगितली, वर चहा दिला. "तुमी बघताय म्हणून बरं. मला कोर्टातलं काय कळतंय!"

निघताना त्यांनी पदराचे टोक ओले करून चौकटीकडे हात नेला. "ही पुसू का आता?"

"राहू द्या," मी म्हणालो.

आता जपाला बसलो तर डोळ्यांपुढे तेच कोळशाचे आकडे. त्या पुसतच होत्या. मीच थांबवले.